शेवटचे शब्द कोणाचे?

आमच्या घरी भाऊबिजेच्या रात्रीचा एक रिवाज आहे. ओवाळणे झाले, जेवणे आटोपली, की आत्या पानाचा डबा पुढे ओढून बसते आणि अण्णांच्या गोष्टी सांगते. अण्णा म्हणजे माझे वडील, आत्याचे थोरले भाऊ. त्यांना जाऊन कित्येक वर्षे झाली. पण भाऊबिजेला ती माहेरी आल्यावाचून राहत नाही. आधी अंगणात जाऊन चंद्राला ओवाळते आणि मगच घरात येऊन आम्हा भाच्यांना पाटावर बसवते. गोष्टी दर वर्षी त्याच असतात, आणि त्याच असाव्यात असा पोरांचा हट्टही असतो. शेवटची गोष्ट अण्णांच्या मरणाची. आत्या डबा मिटते, आवाज खाली आणते आणि सांगते, "पहाटेची वेळ होती. अण्णाने हात जोडले, 'राम' म्हटलं आणि डोळे मिटले." पोरे गप्प होतात. आतून कोणीतरी नाक ओढल्याचा आवाज येतो.

अडचण एवढीच, की त्या पहाटे खोलीत मी एकटाच होतो. आत्या साताऱ्याहून एस्टीने निघाली होती, ती पोचली तेव्हा दहा वाजून गेले होते. अण्णांनी हात जोडले नाहीत. त्यांनी मला विचारले, "नळाला पाणी आलं का रे?" आमच्या आळीत तेव्हा पहाटे चारला पाणी येई आणि तासाभरात जाई. मी म्हटले, "अजून नाही. येईल." त्यावर ते काही बोलले नाहीत. झोप लागली असेल असे मला वाटले. पाणी आले तेव्हा मी उठून पिंप भरले, आणि परत येऊन पाहतो तो...

हे मी कोणाला सांगितले नाही. तेराव्याला आत्याच्या तोंडी 'राम' प्रथम आला तेव्हा मी मान खाली घातली. ती तशीच राहिली. माझे गप्प बसणे ही सभ्यता होती की खोटेपणा, हा प्रश्न मला अनेक वर्षे छळत होता. त्याचे उत्तर शोधायला मी कुठल्या धर्मग्रंथाकडे गेलो नाही. एका परक्या देशातल्या नाटककाराच्या मरणाची हकीकत वाचताना तो प्रश्न मला पहिल्यांदा नीट दिसला.

तो नाटककार म्हणजे आन्तोन चेकॉव्ह. 1904 च्या जानेवारीत त्याचे 'चेरी ऑर्चर्ड' मॉस्कोच्या रंगभूमीवर आले, आणि त्याच उन्हाळ्यात तो जर्मनीतल्या बाडेनवायलर या लहानशा आरोग्यस्थानी हवापालटासाठी गेला. वय चव्वेचाळीस. क्षयाने शरीर पोखरून टाकलेले. तो स्वतः डॉक्टर, तेव्हा आपल्याला काय झाले आहे आणि किती दिवस उरले आहेत हे त्याला कोणी सांगायला नको होते. बरोबर त्याची पत्नी, नटी ओल्गा क्निपर. लग्नाला तीनच वर्षे झालेली.

त्या रात्रीची मुख्य साक्षीदार ओल्गाच, आणि तिने पुढे ती हकीकत लिहून ठेवली. मरणाआधी काही तासच त्याने तिला एक गोष्ट रचून सांगितली होती. एका झकपक आरोग्यस्थानी पाहुणे उतरलेले आहेत, खाऊनपिऊन सुखी असे लोक. दिवसभर भटकून भुकेले होऊन संध्याकाळी परत येतात, तो काय? स्वयंपाकी पळून गेलेला आणि जेवणाचा पत्ता नाही! एकेकाच्या तोंडाची काय अवस्था झाली ते त्याने असे रंगवले, की दिवसाच्या काळजीने थकलेली ओल्गा कोचावर बसून पोटभर हसली. मध्यरात्रीनंतर त्याला जाग आली आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याने आपणहून डॉक्टरला बोलावायला सांगितले. त्याच हॉटेलात राबेनेक नावाचा एक रशियन विद्यार्थी उतरला होता. तिने त्याला उठवून डॉक्टर श्वोररकडे धाडले. डॉक्टर आले. आता उपाय नाही हे त्यांनी ओळखले आणि शँपेन आणवली. चेकॉव्ह उठून बसला, आपण मरत आहोत हे त्याने डॉक्टरांना जर्मनमध्ये सांगितले, पेला हातात घेतला, पत्नीकडे पाहून हसला आणि शँपेन पिऊन फार दिवस झाले असे काहीसे म्हणाला. पेला शांतपणे संपवला. डाव्या कुशीवर वळला. संपले. मग उघड्या खिडकीतून एक मोठा काळा पतंग आत आला आणि दिव्यावर धडका देत राहिला. अर्धवट उरलेल्या बाटलीचे बूच मोठा आवाज करून उडाले.

एवढे सगळे खरे. यात भर घालायला जागा तरी कुठे उरली, असे आपण म्हणू. पण भर घातली गेली. रेमंड कार्व्हर या अमेरिकन कथाकाराने 1987 साली या रात्रीवर एक कथा लिहिली. तिच्या इंग्रजी नावाचा अर्थ आपल्या भाषेत 'सांगकाम' असा होईल. कथेचा पहिला भाग जवळजवळ चरित्रासारखा चालतो. माणसे खरी, गावे खरी. आणि मग त्यात एक पोऱ्या येतो. हॉटेलातला हा तरुण पोऱ्या अपरात्री झोपेतून उठवल्यामुळे कोटाची बटणे कशीबशी लावून शँपेनचे तबक घेऊन येतो आणि जातो. सकाळी तो पुन्हा येतो, नीटनेटका होऊन, हातात तीन पिवळ्या गुलाबांची फुलदाणी घेऊन. खोलीत काय झाले आहे हे त्याला ठाऊक नाही. ओल्गा त्याला काम सांगते. गावातल्या चांगल्यातल्या चांगल्या अंत्यविधी करणाऱ्याकडे जा, त्याला घेऊन ये, गाजावाजा करू नकोस. ती हे सावकाश, तपशीलवार सांगत असते आणि पोऱ्याचे लक्ष मात्र त्याच्या बुटाशी पडलेल्या बुचाकडे. रात्री उडालेले ते बूच कोणी उचललेले नाही. फुलदाणी हातात असल्याने त्याला वाकता येत नाही. शेवटी तो वाकतो आणि बूच मुठीत घेतो. कथा संपते.

हा पोऱ्या खरा नाही. तीन गुलाब खरे नाहीत. ओल्गाचे ते लांबलचक सांगणे कार्व्हरचे आहे.

आता कोणी विचारील, की यात बिघडले कुठे? कथाच ती! पण प्रश्न वाटतो तितका सोपा नाही. मरण ही माणसाची अगदी खाजगी गोष्ट. जिवंतपणी आपल्याबद्दल कोणी काही खोटे लिहिले तर आपण भांडू शकतो, निदान वर्तमानपत्राला पत्र लिहू शकतो. मेलेला माणूस खुलासा करीत नाही. जो उत्तर देऊ शकत नाही त्याच्याबद्दल मनचे लिहिणे म्हणजे झोपलेल्याच्या खिशात हात घालण्यासारखे नाही काय?

आणि नाटककाराच्या बाबतीत हा मोह अधिकच अनावर होतो. ज्याने जन्मभर पडदे पाडले त्याचा स्वतःचा पडदाही तसाच देखणा पडावा अशी आपली इच्छा असते. फ्रेंच नाटककार मोलिएर रंगभूमीवर मेला असे पुष्कळ लोक सांगतात. तो 1673 च्या फेब्रुवारीत आपल्याच नाटकात काल्पनिक रोग्याची भूमिका करीत होता आणि चौथ्या प्रयोगात त्याची प्रकृती खरोखरीच बिघडली, हे खरे. पण त्याने प्रयोग शेवटास नेला, आणि मेला तो काही तासांनी, आपल्या घरी. लोकांनी ते काही तास गाळून टाकले. रोग्याचे सोंग करता करताच तो मेला असे म्हटले म्हणजे अंक कसा बेतशीर संपतो!

आपणही यात मागे नाही. आपल्या गडकऱ्यांचेच पाहा. 1919 च्या जानेवारीत, वयाच्या तेहेतिसाव्या वर्षी, नागपूरजवळच्या सावनेरला भावाच्या घरी त्यांनी देह ठेवला. 'भावबंधन' शेवटच्या दिवसांत पुरे झाले, 'राजसंन्यास' अपुरे राहिले, आणि 'एकच प्याला' रंगभूमीवर आले ते त्यांच्या मागे. एवढ्या तीन गोष्टी हाती आल्या, की मन लगेच प्रवेश रचू लागते. विझत आलेला दिवा, कापरी लेखणी, शेवटचे वाक्य आणि शेवटचा श्वास एकदमच! ते तसे झाले की नाही याची चौकशी करायला आपण थांबत नाही. 'स्वामी' वाचून थेऊरच्या त्या शेवटच्या दिवसांवर ज्यांनी रडून घेतले त्यांना इतिहास कुठे संपला आणि कादंबरी कुठे सुरू झाली हे कधी आठवले असेल काय? मला तरी आठवले नव्हते, आणि त्या रडण्याची मला आज लाजही वाटत नाही.

तेव्हा कल्पना करूच नये असे म्हणणे सोपे आहे, पण ते खरे नव्हे. नुसत्या माहितीवर माणूस कोणावर प्रेम करू शकत नाही. तारीख, गाव, रोगाचे नाव, यांनी मरणाचा दाखला भरतो. माणूस त्यात कुठेच नसतो. जे आपण पाहिले नाही ते डोळ्यांपुढे आणण्याची शक्ती नसती तर दुसऱ्याचे दुःख आपल्याला कळलेच नसते. चेकॉव्ह स्वतः 1890 साली साखालीन बेटावर कैद्यांची मोजदाद करायला गेला, घरोघर फिरून माहितीची कार्डे भरली. एवढा माहितीचा कदर करणारा माणूस, पण आयुष्यभर लिहीत राहिला ते कल्पनेनेच.

मग भेद कुठे करायचा? कार्व्हरच्या कथेचे पुढे जे झाले त्यावरून मला त्याचा थोडा उलगडा झाला. तो पोऱ्या कथेत फार दिवस थांबला नाही. पुढे 1998 साली निघालेल्या चेकॉव्हच्या एका चरित्रात तो शिरला. कथा नव्हे, चरित्र! चेकॉव्हवर पुस्तक लिहिताना 2001 साली जॅनेट माल्कम या लेखिकेने ही चोरवाट दाखवून दिली. कार्व्हरने जे रचले ते चरित्रकाराने घडलेले म्हणून उचलले होते. वाचक म्हणेल, एक पोऱ्या इकडचा तिकडे झाला तर एवढे काय मोठेसे? मोठे हे, की त्या रात्री खरोखरीचा एक मुलगा तिथे होता. राबेनेक. झोपेतून उठून अंधारात धावत गेला तो हा. कार्व्हरच्या कथेत त्याला जागा मिळाली नाही, ते ठीक. कथेला सगळ्यांना जागा देता येत नाही. पण कथाच जर इतिहास म्हणून बसली, तर ज्याने खरे पाय झिजवले तो बाहेर उभा राहतो आणि ज्याला पायच नाहीत तो आत खुर्चीवर बसतो. खोट्याचे नुकसान मेलेल्याला पोचत नसेलही, पण ते कोणाला तरी पोचतेच.

आपल्या मराठीत या बाबतीत एक फार उपयोगी शब्द आहे. 'तो म्हणाला' आणि 'तो म्हणाला असेल' या दोन वाक्यांत फरक एका 'असेल'चा. त्या 'असेल'मध्ये सगळा प्रामाणिकपणा साठवलेला आहे. 'मी तिथे नव्हतो, पण मला त्या माणसाची इतकी ओढ आहे की मी तिथे असल्यासारखा विचार करतो आहे' एवढे सगळे तो शब्द बोलतो. कार्व्हरने आपल्या लेखनाला 'कथा' म्हटले, म्हणजे प्रत्येक वाक्याच्या शेवटी न लिहिलेले 'असेल' ठेवले. चरित्रकाराने ते खोडले. पाप झाले असेल तर ते कल्पना करण्यात नाही, 'असेल' खोडण्यात आहे.

पण केवळ 'असेल' लावले म्हणजे सगळे माफ, असेही मला वाटत नाही. दुसरीही एक कसोटी आहे, आणि ती पहिलीहून कठीण आहे. कल्पना कोणाच्या सोयीसाठी केली? मेलेल्या माणसाच्या तोंडी आपण आपल्याला हवे ते शब्द घालतो, तेव्हा आपण त्याची आठवण करीत नसतो, त्याला कामाला लावीत असतो. देशभक्ताकडून आपण आपले मत वदवून घेतो, भक्ताकडून देवाचे नाव, नाटककाराकडून टाळीचे वाक्य. कार्व्हरने हे केले नाही, आणि म्हणूनच त्याच्या कथेपुढे मी हात जोडतो. चेकॉव्हच्या तोंडी त्याने एकही थोर वाक्य घातले नाही. मरणाऱ्याला त्याने त्याच्या मरणापुरता एकटा सोडला, आणि कल्पना केली ती दाराशी उभ्या असलेल्या एका पोऱ्याची, ज्याला रात्री कोणीतरी उठवले, ज्याने तबक उचलले, ज्याला सकाळी पडलेले बूच खुपले. मोठ्या माणसाच्या मरणातही कोणीतरी खोली आवरावीच लागते. इतिहास त्या माणसाचे नाव लिहून ठेवत नाही. कल्पनेचा खरा धर्म हा, की जिथे इतिहासाचे लक्ष गेले नाही तिथे तिने लक्ष द्यावे.

आणि आपल्या मोहाला अंत नाही हेही इथेच सांगून टाकतो. ही कथा प्रसिद्ध झाल्यावर काही महिन्यांतच कार्व्हरच्या फुप्फुसाला कर्करोग झाल्याचे निघाले, आणि 1988 च्या ऑगस्टमध्ये, पन्नासाव्या वर्षी, तो गेला. 'बघा, चेकॉव्हच्या मरणात त्याने आपलेच मरण लिहिले!' हे वाक्य माझ्याही जिभेवर आले होते. पण कथा लिहिताना रोगाचे निदान झालेले नव्हते. त्याला ठाऊक नव्हते. आपण पुन्हा एक पडदा आपल्या सोयीने पाडायला निघालो होतो.

चेकॉव्हने मरणापूर्वी काही दिवस बहिणीला पत्र लिहिले. ते त्याचे शेवटचे पत्र. त्यात जीवनाचे सार नाही. जर्मन बायकांना कपड्यांची अभिरुची कशी नाही याची तक्रार आहे! त्याचे शव मॉस्कोला आले ते आगगाडीच्या ज्या डब्यातून, त्यावर कालवे वाहून नेण्याचा डबा असे लिहिलेले होते. गॉर्की या अपमानाने संतापला. स्मशानाकडे जाताना काही लोक चुकून कोणा सेनापतीच्या शवपेटीमागे लष्करी बँडच्या तालावर चालू लागले, हेही त्यानेच पत्रात लिहून ठेवले आहे. चेकॉव्ह हे पाहून हसला असता असे सगळे म्हणतात. मीही म्हणतो. हसला असता. 'असता' म्हणायला मात्र विसरू नये.

पत्रातली ती कपड्यांची तक्रार वाचताना मला अण्णांचे पाणी आठवले. आजवर मी ते लपवले ते आत्याला वाईट वाटू नये म्हणून, असे मी स्वतःला सांगत होतो. ते पूर्ण खरे नव्हते. मरताना माझ्या वडिलांच्या मुखी देवाचे नाव आले नाही, नळाचे आले, याची मला कुठेतरी लाज वाटत होती. आत्याच्या 'राम'ने माझी सोय होत होती. म्हणजे दुसऱ्या कसोटीला मी उतरलो नव्हतो.

आणि आत्या? तिलाही मी मनातल्या मनात खोटी ठरवून बसलो होतो. पण ती त्या पहाटे एस्टीत होती. भावाचे शेवटचे दर्शन तिला झाले नाही. जिथे ती पोचू शकली नाही त्या खोलीत जायला तिच्याजवळ दुसरा रस्ता तरी कोणता होता? तो 'राम' म्हणजे तिचे उशिरा पोचलेले तिकीट होते. फक्त तिने 'असेल' सोडले होते, आणि मी ते तिला कधी दिले नव्हते.

गेल्या भाऊबिजेला आत्याची गोष्ट त्याच ठिकाणी आली. पोरे गप्प झाली. तेवढ्यात माझ्या धाकट्या भावाची मुलगी, नुकतीच कॉलेजात जाऊ लागलेली, माझ्याकडे वळून म्हणाली, "काका, तुम्ही होतात ना खोलीत?"

मी म्हटले, "होतो."

"मग तुम्ही कधीच का नाही सांगत?"

मी आत्याकडे पाहिले. ती सुपारी कातरायची थांबली होती. मी सांगितले. पहाटेची वेळ, पाण्याचा प्रश्न, माझे "अजून नाही, येईल", पिंप भरून परत येणे. सगळे मिळून चार-पाच वाक्ये झाली असतील. सांगताना माझा आवाज मलाच परका वाटत होता. कोणी काही बोलले नाही. आता आत्या उठून आत जाईल अशी मला भीती वाटली.

आत्या उठली नाही. थोड्या वेळाने म्हणाली, "पाण्याचं विचारलं त्याने?"

"हो."

"तो पहिल्यापासून तसाच. आईला दमा होता. विहीर लांब. आम्ही उठायच्या आधी हा चार वाजता उठून दोन हंडे आणून ठेवायचा. नऊ-दहा वर्षांचा असेल. आईला वाटायचं, शेजारची काकू आणते. त्याने कधी सांगितलं नाही. मी एकदा थंडीत जागी झाले म्हणून मला ठाऊक."

ही गोष्ट आम्ही कोणी कधी ऐकली नव्हती. इतक्या भाऊबिजा झाल्या, इतकी पाने लावून झाली, पण ती बाहेर आली नव्हती. धाकट्या भावाने विचारले, "आत्या, हे तू आजवर का नाही सांगितलंस?"

"कोणी पाण्याचं काढलंच नाही कधी," आत्या म्हणाली.

तिने अडकित्ता पुन्हा हातात घेतला. दोन-तीन खांडे कातरून झाल्यावर, जणू स्वतःशीच, ती म्हणाली, "आणि राम काय, मनात म्हटला असेल."